बटाट्याचा बादशहा आणि चाचांची वही

दहावीचा निकाल लागून आठवडा झाला होता. आमच्या शाळेचा एक मुलगा दाखला न्यायला आला. टक्के बरे होते, एकसष्ट. मी विचारलं, "अकरावीचा फॉर्म भरलास का?" तो म्हणाला, "नाही मॅडम, गाळ्यावर बसणार." घरचा कांदा-बटाट्याचा गाळा आहे लोणावळ्यात, तीन पिढ्यांचा. मी काही बोलायच्या आत त्याने मोबाईल पुढे केला. त्यात एका टोपीवाल्या गोऱ्या म्हाताऱ्याचा फोटो आणि खाली हिंदीत मजकूर: आठवीत शाळा सोडली, आलू विकले, अब्जाधीश झाला. "बघा मॅडम, हा तर आठवी पास होता. मी दहावी आहे."

वर्गात असतो तर मी त्याला गप्प केलं असतं. पण शाळेला सुट्टी होती, आणि खरं सांगायचं तर मला त्या माणसाबद्दल काहीच माहीत नव्हतं. म्हटलं, "दोन आठवडे दे, मी वाचते. मग बोलू." दाखला त्याने नेला. मी वाचायला बसले.

त्या माणसाचं नाव जॉन रिचर्ड सिम्पलॉट. जन्म १९०९ चा, आयोवा राज्यातला. तो लहान असतानाच कुटुंब आयडाहोत आलं. चौदाव्या वर्षी बापाशी भांडून घर सोडलं, शाळाही सुटली. मोबाईलवरचा मजकूर एवढ्यापुरता खरा होता. पुढची गोष्ट मात्र त्या मजकुरात नव्हती आणि ती वाचताना मी थबकले, कारण त्या गोष्टीत शिक्षक होते.

घर सोडून तो डेक्लो नावाच्या गावात एका हॉटेलात राहू लागला. रोजचा एक डॉलर भाडं. तिथेच गावातल्या शाळेचे काही शिक्षक राहात. सरकारी तिजोरीत रोकड नव्हती, म्हणून त्यांना पगाराऐवजी व्याज मिळणारी वचनचिठ्ठी मिळायची. चिठ्ठी चांगली, पण चिठ्ठीने पोट भरत नाही. या चौदा वर्षांच्या पोराने शिक्षकांकडून त्या चिठ्ठ्या डॉलरला पन्नास सेंट देऊन घेतल्या आणि बँकेला नव्वद सेंटला विकल्या. त्या पैशातून डुकरं घेतली. बाजार पडला होता तेव्हा घेतली, हिवाळाभर फुकटात मिळणारे टाकाऊ बटाटे आणि रानघोड्यांचं मांस शिजवून घातलं, आणि भाव चढल्यावर विकली. हातात सात हजारांहून जास्त डॉलर आले. एवढ्या मोठ्या धंद्याचा पाया असा शिक्षकांच्या अर्ध्या पगारावर उभा राहिला.

यात बेकायदेशीर काही नव्हतं. शिक्षकांना रोख हवी होती, त्याने दिली. पण मी त्या शिक्षकांच्या जागी बसून पाहिलं, कारण त्या जागेवर मी बसलेली आहे.

बी.एड. झाल्यावर माझी पहिली नोकरी एका विनाअनुदानित शाळेत लागली. अनुदान येणार, आज येणार, उद्या येणार, असं करत सात महिने पगार झाला नाही. अब्बू आजारी होते. घरात भाजी येत होती ती बाजारातल्या एका गाळ्यावरून. तिथले बागवान चाचा कांदे-बटाटे, लसूण, कधी मिरच्या पिशवीत घालायचे आणि लाल कापडाच्या वहीत लिहायचे. मी एकदा संकोचून म्हटलं, "चाचा, खूप झालं." ते म्हणाले, "लिख के रखताय मैं. तू दे जब आए तब." पगार आला तेव्हा मी सगळा हिशोब चुकता केला. सात महिन्यांपूर्वीचे बटाटे त्यांनी सात महिन्यांपूर्वीच्याच भावाने लावले होते. वरती एक पैसा नाही.

दाखला न्यायला आलेला मुलगा त्याच चाचांचा नातू. म्हणून हा लेख.

आता त्या मुलाच्या बाजूनेही बोललं पाहिजे, कारण सिम्पलॉट हा केवळ चतुर पोरगा नव्हता. त्याचा धंदा कसा वाढत गेला हे पाहण्यासारखं आहे, आणि आपल्या गाळेवाल्यांनी तर नक्की पाहावं.

१९२८ मध्ये त्याने एका भागीदाराबरोबर २५४ डॉलरला विजेवर चालणारं बटाटे निवडायचं यंत्र घेतलं. त्या काळी बटाट्यांची प्रतवारी हाताने होत असे. यंत्र आल्यावर तो स्वतःचे बटाटे निवडून इतरांचेही निवडून देऊ लागला. भागीदाराला ते पटेना. शेवटी यंत्र कोणाचं यासाठी दोघांनी नाणं उडवलं, आणि सिम्पलॉट जिंकला. १९२९ मध्ये कंपनी सुरू झाली. दुसरं महायुद्ध येईपर्यंत ताजे बटाटे पाठवणारा तो अमेरिकेतला सर्वांत मोठा व्यापारी झाला होता.

मग कांदा आला. कॅलिफोर्नियातल्या एका गिऱ्हाइकाकडे त्याचे कांद्याचे पैसे अडकले होते. वसुलीला गेला तेव्हा समजलं की हलका, टाकाऊ कांदा वाळवून त्याची भुकटी विकली जाते. पैसे वसूल करायला गेलेला माणूस वाळवलेल्या कांद्याची ऑर्डर घेऊन परतला. कारखाना नंतर उभा केला. युद्ध सुरू झालं तेव्हा त्याच कारखान्यात बटाटे वाळवून अमेरिकेच्या लष्कराला कोट्यवधी पौंड माल पुरवला. बटाट्यांच्या सालींचा ढीग पडू लागला, तर जनावरं पाळली आणि साली त्यांना घातल्या. बटाट्याला खत पुरेना, तर १९४४ मध्ये पोकाटेलोला स्वतःचा खत कारखाना काढला आणि खतासाठी फॉस्फेटची खाण घेतली. खोक्यांना लाकूड हवं होतं, तर लाकडाच्या धंद्यात शिरला. युद्ध संपलं, वाळवलेल्या बटाट्याला गिऱ्हाईक उरलं नाही, तेव्हा रे डनलॅप या त्याच्या रसायनतज्ज्ञाने तळलेले बटाटे गोठवून टिकवायची पद्धत बसवली. १९६७ मध्ये मॅकडोनाल्ड्सच्या रे क्रॉकशी नुसता हात मिळवून करार झाला, आणि गोठवलेले फ्रेंच फ्राईज जगभर गेले.

१९८० मध्ये, एकाहत्तराव्या वर्षी, बॉइझी शहरातल्या एका नव्या कंपनीत त्याने दहा लाख डॉलर घातले. दातांच्या दवाखान्याच्या तळघरात सुरू झालेली ती कंपनी संगणकाच्या मेमरी चिप बनवू पाहात होती. तिचं नाव मायक्रॉन. सिम्पलॉटला संगणक कळत नव्हता. पण शेतमालाचा बाजार त्याला पाठ होता. कोणतीही वस्तू सगळे जण बनवू लागले की तिचा भाव बटाट्यासारखा चढतो-पडतो, आणि पडत्या भावात टिकतो तोच पुढे कमावतो, हे त्याला मेमरी चिपलाही लागू पडताना दिसलं. २००८ मध्ये नव्व्याण्णवाव्या वर्षी तो वारला तेव्हा बटाटे, खत, जनावरं, जमीन आणि चिप, इतका पसारा मागे होता.

हे सगळं सलग वाचलं की एक गोष्ट लक्षात येते. त्याचा प्रत्येक नवा धंदा जुन्या धंद्यातल्या अडचणीतून किंवा कचऱ्यातून निघाला. अडकलेली उधारी, साली, अपुरं खत, बंद पडलेली लष्करी मागणी. आपल्याकडे ज्याला जोडधंदा म्हणतात, ते त्याने आयुष्यभर केलं.

मग आपल्या मावळात हे का होत नाही?

बटाटा आपल्याला नवा नाही. पोर्तुगीजांनी तो आणला, आणि मराठीने त्यांचाच शब्द ठेवला, बटाटा. उर्दूत तो आलू झाला. वर्गात मी हे दोन्ही शब्द फळ्यावर शेजारी शेजारी लिहिते तेव्हा मुलं हसतात. पुण्याच्या गुलटेकडी बाजाराचे भाव वाचा, बटाट्यापुढे आग्रा आणि इंदूरच्या जोडीला तळेगावचं नाव असतं. आंबेगाव तालुक्यात सातगाव पठार हा भाग पावसावर येणाऱ्या बटाट्यासाठी प्रसिद्ध आहे. बियाणं पंजाबातून येतं, पेरणी पावसाच्या सुरुवातीला, आणि बरेच शेतकरी वेफर्स बनवणाऱ्या कंपन्यांशी करार करून लावतात. घाटाखाली कर्जतला गाडीला मागून इंजिन लागेपर्यंत बटाटेवडा खायचा, हा रिवाज आमच्या आज्यांच्या काळापासून चालत आला आहे. लोणावळ्यात पावसाळ्याच्या शनिवार-रविवारी किती बटाटा उकडला जातो, ते आमच्या चाचांच्या गाळ्यावर उभं राहिलं की कळतं. सकाळी रचलेल्या गोण्या दुपारी नसतात.

पण तो बटाटा गाळ्यावरून वडापावच्या गाडीवर जातो आणि तिथेच गोष्ट संपते. वेफर्सच्या पाकिटाला लागणारा बटाटा वेगळा. त्यात पाणी कमी आणि साखर कमी लागते. साधा बटाटा शीतगृहात फार थंड ठेवला की त्यातल्या स्टार्चची साखर होते आणि तळल्यावर वेफर काळा पडतो. सिमल्याच्या केंद्रीय बटाटा संशोधन संस्थेने यासाठी 'कुफरी चिप्सोना' नावाचे वाण काढले, त्याला पंचवीस वर्षं होऊन गेली. चाचांच्या नातवाला गोणीत हात घालून माल मोठा, मध्यम की चिंगळी हे डोळे मिटून सांगता येतं. पण हा बटाटा तळल्यावर काळा का पडतो, हे त्याला माहीत नाही. मी विचारलं होतं. तो म्हणाला, "तेल खराब असेल."

इथेच माझं त्या मोबाईलवरच्या मजकुराशी भांडण आहे. आठवीत शाळा सोडलेल्या माणसाने फ्रेंच फ्राईज गोठवले नाहीत. ते डनलॅपने गोठवले, आणि तो शिकलेला होता. मायक्रॉन काढणारे अभियंते शिकलेले होते. आयडाहोच्या वाळवंटी जमिनीत बटाटा पिकला तो स्नेक नदीवर सरकारने बांधलेल्या धरणांच्या आणि कालव्यांच्या पाण्यावर. वाळवलेल्या बटाट्याचं पहिलं मोठं गिऱ्हाईक म्हणजे लष्कर, म्हणजे सरकारच. सिम्पलॉटचं शहाणपण हे की शिकलेल्या माणसाला पगार देऊन शेजारी बसवायचं त्याला कळलं. त्याने शाळा सोडली असेल, पण शाळेवाचून त्याचं एक दिवसही चाललं नाही. सुरुवातीला शिक्षकांच्या चिठ्ठ्या, शेवटी अभियंत्यांची डोकी.

त्या वारशाची दुसरी बाजूही मुलाला सांगायला हवी. १९७६ च्या मे महिन्यात न्यूयॉर्कच्या वायदेबाजारात सिम्पलॉट आणि त्याच्या एका साथीदाराने मेन राज्यातले बटाटे पुढच्या तारखेला द्यायचं कबूल करून विकले होते. भाव पडेल असा त्यांचा होरा होता. तो पडला नाही. सुमारे एक हजार करारांचा, म्हणजे पाच कोटी पौंड माल त्यांनी दिलाच नाही. नंतर दंड झाला, वायदेबाजारात सहा वर्षं बंदी आली. जे आपल्या हातात नाही ते विकू नये, हा व्यापाराचा नियम आपल्या मदरशातलं पोरही सांगेल. फॉस्फेटची खाण मूळ रहिवाशांच्या, शोशोन-बॅनॉक लोकांच्या राखीव जमिनीवर होती. पोकाटेलोजवळचा खत कारखाना आणि शेजारच्या दुसऱ्या कंपनीचा कारखाना मिळून जो परिसर होतो, तो १९९० मध्ये अमेरिकी सरकारने साफसफाईची सर्वांत जास्त गरज असलेल्या प्रदूषित जागांच्या यादीत घातला. मोठ्या पसाऱ्याची किंमत कोणीतरी दुसरा मोजत असतो. आपल्याला हे नवीन नाही. लोणावळ्याच्या तलावांचं पाणी १९१५ पासून घाट उतरून खोपोलीला वीज करतं, आणि त्या विजेवर मुंबईच्या गिरण्या चालल्या. पाणी मावळचं होतं, भोंगा मुंबईत वाजायचा.

आणि आता चिपची गोष्ट. २०२२ मध्ये वेदांता आणि फॉक्सकॉन या कंपन्यांचा एक लाख चोपन्न हजार कोटींचा सेमीकंडक्टर प्रकल्प आपल्या तळेगावला येणार अशी चर्चा होती. सप्टेंबरात गुजरातशी करार झाला आणि महाराष्ट्रात मोठा राजकीय गदारोळ उडाला. पुढच्या जुलैत फॉक्सकॉनने अंग काढून घेतलं. त्याच्या जेमतेम तीन आठवडे आधी, जून २०२३ मध्ये, गुजरातेतच साणंदला दुसऱ्या एका कंपनीने चिप जोडणीचा आणि तपासणीचा कारखाना जाहीर केला. ती कंपनी मायक्रॉन. बटाट्याच्या पैशावर तगलेली. गुजरातमधलं डीसा बटाट्यासाठी प्रसिद्ध आहे, हा योगायोग मी मुद्दाम सांगते.

तळेगावला चिपचा कारखाना आला असता तर आमच्या शाळेतली किती मुलं तिथे लागली असती, हा प्रश्न त्या गदारोळात कोणी विचारला नाही. मी मनात विचारला होता. उत्तर माझ्या हजेरीपटावर होतं. दहावीनंतर आमच्या मुलांची गळती कुठे होते, हे आम्हा शिक्षकांना नावानिशी माहीत असतं. गॅरेज, गाळा, रिक्षा, बेकरी, आणि मुलींचं लग्न. कारखाना आपल्या दारात येणं ही निम्मी गोष्ट. त्याच्या दाराशी आपलं पोर कोणती फाईल घेऊन उभं राहणार, ही उरलेली निम्मी.

म्हणून दोन आठवड्यांनी मी चाचांच्या घरी गेले. चाचा आता अंथरुणावर असतात. नातू होताच. त्याची मोठी बहीण चहा घेऊन आली. ती माझीच विद्यार्थिनी, आता बारावी कॉमर्स. बोलता बोलता कळलं की गेली दोन वर्षं गाळ्याची वही तीच लिहिते. उधारी, आडत, हमाली, तोलाई, बाजार समितीची पट्टी, सगळं तिच्याकडे. लाल कापडाची वही अजून आहे, आणि सोबत मोबाईलवर तिने स्वतः मांडलेला तक्ताही. कोणत्या वडेवाल्याने किती थकवलंय, आग्र्याच्या मालात सड किती निघाली, हे तिने मला बोटावर सांगितलं. सड निघालेल्या मालाचं काय करता, असं विचारलं तर म्हणाली, "फेकतो. पण निम्मा चांगला असतो मॅडम, कापून वाळवला तर जाईल." मी तिच्याकडे बघतच राहिले. आयडाहोचा तो माणूस कांद्यापाशी जिथे पोहोचला, तिथे ही चहाचा ट्रे हातात घेऊन पोहोचली होती.

मी मुलाच्या अब्बांना विचारलं, "गाळा पुढे कोणाचा?" ते मुलाकडे बघून हसले. "याचाच. हिचं तर लग्न होईल."

आपण विरासत हा शब्द फार वापरतो. मुलीचा हिस्सा कुरआनने ठरवून दिलाय, हे भाषणात अभिमानाने सांगतो, आणि वाटणीच्या दिवशी बहिणीकडून 'माफ' करून घेतो. गाळा, गोदाम, काटा, हे सगळं भावांत वाटलं जातं. दोन पिढ्यांत एका गाळ्याचे चार तुकडे होतात, आणि चारही तुकड्यांत कोणाला हिशोब येत नाही, कारण ज्यांना येत होता त्या बहिणी सासरी गेलेल्या असतात. मग आपण म्हणतो, आपल्या धंद्यात बरकत राहिली नाही. सिम्पलॉटची कंपनी आजही त्याच्या कुटुंबाच्याच हाती आहे, शेअर बाजारात नाही. पसारा एकत्र ठेवायचा तर कागद लागतात, नेमलेली माणसं लागतात, आणि घरात ज्याला हिशोब येतो त्याला बसायला जागा लागते.

मी तिथे तीन गोष्टी बोलले. एक, मुलाने अकरावीला प्रवेश घ्यावा. विज्ञान झेपणार नसेल तर अन्न प्रक्रियेचा एखादा अभ्यासक्रम बघू, सकाळी कॉलेज आणि दुपारी गाळा. दोन, सडक्या गोणीतला निम्मा चांगला माल वाळवून बघायला किती खर्च येतो, याचा हिशोब मुलीने मांडावा आणि पाच किलोवर करून बघावा. तीन, गाळ्याच्या कागदांवर तिचंही नाव यावं. पहिल्या गोष्टीला अब्बांनी मान हलवली. दुसरीला ते हसले. तिसरीला घरात एकदम शांतता झाली.

ती शांतता चाचांनी मोडली. त्यांना ऐकू कमी येतं, पण बहुतेक ऐकलं होतं. म्हणाले, "टीचर, तेरा हिसाब बाकी है क्या?" मी म्हटलं, "नाही चाचा, कधीच चुकता केला." ते नातीकडे बोट दाखवून म्हणाले, "उस से पूछ. वही उसके पास है."

मुलाने अकरावीचा फॉर्म भरलाय. कागदावर नाव अजून चढलेलं नाही. वाळवलेले बटाटे मात्र मी खाऊन पाहिले. थोडे काळे पडले होते. का पडले, ते आता भाऊ-बहीण दोघंही शोधतायत.